आनंद पटवर्धन : संकलनाच्या टेबलावर घडलेला राजकीय चित्रपट

आनंद पटवर्धन यांची ओळख दिग्दर्शक म्हणून आहे. त्यांच्या बहुतेक चित्रपटांच्या श्रेयनामावलीत संकलक म्हणूनही त्यांचेच नाव येते, याकडे मात्र फारसे कुणाचे लक्ष जात नाही. कथापटाची पटकथा आधी लिहिलेली असते, त्यामुळे संकलकाला निदान वाट माहीत असते. माहितीपटात तसे नसते. मोर्चा, सभा, झोपड्या पाडायला आलेले पथक यांपैकी काहीच पटकथेबरहुकूम घडत नाही. वर्षानुवर्षे साठलेल्या चित्रणातून चित्रपट नेमके काय म्हणणार, हे टेबलावर बसल्यावरच ठरते. हे काम पटवर्धनांनी दुसऱ्यावर सोपवले नाही, म्हणून त्यांची कारकीर्द संकलनाच्या बाजूने पाहणे योग्य ठरते.

त्यांचा जन्म 1950 साली मुंबईत झाला. घर स्वातंत्र्यलढ्यातले होते. रावसाहेब आणि अच्युतराव पटवर्धन हे त्यांचे काका. अच्युतराव काँग्रेस समाजवादी पक्षाच्या संस्थापकांपैकी एक आणि बेचाळीसच्या भूमिगत चळवळीतले आघाडीचे नाव. आई निर्मला शांतिनिकेतनात शिकलेल्या होत्या आणि मातीकामातल्या नामवंत कलावंत होत्या. मुंबई विद्यापीठातून 1970 साली इंग्रजी साहित्याची पदवी घेऊन आनंद पटवर्धन अमेरिकेत ब्रँडाइस विद्यापीठात समाजशास्त्र शिकायला गेले. व्हिएतनाम युद्धाविरुद्ध विद्यार्थी रस्त्यावर उतरत होते तो हा काळ, आणि पटवर्धनही त्यांच्यात होते. पुढे त्यांनी कॅलिफोर्नियात सीझर चावेझ यांच्या शेतमजूर संघटनेसाठी स्वयंसेवक म्हणून काम केले. भारतात परतल्यावर मध्य प्रदेशातल्या होशंगाबाद जिल्ह्यात ‘किशोर भारती’ या ग्रामीण शिक्षणाच्या प्रकल्पात ते काही काळ होते. चित्रपट हा पेशा म्हणून त्यांनी निवडला नव्हता. चळवळीत वावरताना हाती आलेले ते एक साधन होते.

ते साधन पहिल्यांदा गंभीरपणे वापरले गेले बिहारमध्ये. जयप्रकाश नारायण यांच्या नेतृत्वाखाली 1974 साली तिथे आंदोलन पेटले होते. 4 नोव्हेंबरच्या पाटण्यातल्या मोर्चाचे चित्रण पटवर्धनांनी मागून आणलेल्या सुपर एट कॅमेऱ्यावर केले. हा हौशी, घरगुती वापराचा कॅमेरा. त्याची फिल्म अवघी 8 मिलिमीटर रुंदीची, आणि एका काड्यापेटीवजा डबीत जेमतेम तीन मिनिटांचे चित्रण मावते. सार्वजनिक प्रक्षेपणासाठी निदान 16 मिलिमीटरची प्रत लागे आणि प्रयोगशाळेत तसे रूपांतर करून घ्यायला पैसे नव्हते. म्हणून सुपर एटचे चित्रण पडद्यावर टाकून तो पडदाच 16 मिलिमीटरच्या कॅमेऱ्याने पुन्हा चित्रित केला गेला. पुढचे चित्रण मुदत संपलेल्या कच्च्या फिल्मवर झाले. त्यामुळे ‘क्रांति की तरंगें’ हा अर्ध्या तासाचा चित्रपट दाणेदार, थरथरता दिसतो. तंत्राच्या नजरेने तो कच्चा आहे, हे मान्य करायला हरकत नाही.

तो पुरा होतो न होतो तोच जून 1975 मध्ये आणीबाणी आली आणि चित्रपट भूमिगत झाला. तो बाहेर कसा गेला, हा किस्सा संकलनाच्या इतिहासात नोंदवावा असा आहे. एका प्रतीचे तुकडे केले गेले आणि परदेशी जाणाऱ्या निरनिराळ्या माणसांच्या सामानातून ते पाठवले गेले. पटवर्धन मॉन्ट्रियलच्या मॅकगिल विद्यापीठात शिकायला गेले होते. तिथे ते तुकडे जोडून अखंड प्रत पुन्हा तयार झाली आणि आणीबाणीविरोधी सभांमधून दाखवली गेली. आणीबाणी उठल्यावर आलेला ‘जमीर के बंदी’ (1978) हा पुढचा चित्रपट राजकीय कैद्यांविषयी होता. आणीबाणीतले कैदी त्यात आहेतच, पण त्याआधी डांबलेले आणि ती उठल्यावरही न सुटलेले कैदीही आहेत. नवे सरकार आले म्हणून चित्रपटाने टाळ्या वाजवल्या नाहीत. पटवर्धनांच्या या स्वभावाने पुढे सर्वच पक्षांच्या सरकारांना त्रास दिला.

मॅकगिलमधला त्यांचा पदव्युत्तर प्रबंध भूमिगत झालेल्या ‘क्रांति की तरंगें’च्या अनुभवावर होता. त्या वेळी लॅटिन अमेरिकेत आणि फ्रान्समध्ये राजकीय चित्रपटाविषयी जोरदार चर्चा चालू होती. क्यूबाचे हुलिओ गार्सिया एस्पिनोसा यांनी 1969 साली मांडले होते की गुळगुळीत, परिपूर्ण चित्रपट बहुधा प्रतिगामी असतो, आणि गरीब देशांनी ओबडधोबड चित्रपटाची लाज बाळगू नये. फ्रान्समध्ये ख्रिस मार्कर यांनी 1967 साली गोदार, रेने, वार्दा, इव्हेन्स अशा दिग्दर्शकांचे काम एकत्र गुंफून व्हिएतनामवरचा सामूहिक चित्रपट सिद्ध केला. त्याच साली बेझान्सों शहरातल्या रोडियासेता या कापडधाग्याच्या कारखान्यात संप झाला. मार्कर आणि मारिओ मारे यांनी त्यावर चित्रपट करून तो कामगारांना दाखवला, तेव्हा कामगारांनी त्यांना चांगलेच फैलावर घेतले. तुम्ही आम्हाला बाहेरून पाहिलेत, असा त्यांचा आक्षेप होता. त्यातून कामगारांनी स्वतःच कॅमेरा आणि संकलनाचे टेबल चालवायला शिकण्याचा उपक्रम सुरू झाला आणि ‘मेदवेदकिन गट’ उभा राहिला.

मुंबईत मात्र माहितीपट म्हटले की फिल्म्स डिव्हिजन. 1948 साली स्थापन झालेल्या या सरकारी संस्थेचे वार्तापट आणि माहितीपट प्रत्येक चित्रपटगृहाला मुख्य खेळाआधी दाखवावेच लागत. धरण, पूर, पंतप्रधानांचा दौरा आणि त्यावर एक भारदस्त आवाज. दृश्ये बोलायला लागण्याआधीच त्यांचा अर्थ सांगून टाकणारा हा आवाज दोन पिढ्यांच्या कानांत बसला होता. संकलकाला तिथे काम असे ते निवेदनाच्या मापाने चित्रे कापण्याचे.

कॅनडात असताना जिम मन्रो यांच्यासोबत पटवर्धनांनी ‘अ टाइम टू राइज’ (1981) केला. ब्रिटिश कोलंबियातल्या पंजाबी शेतमजुरांनी बांधलेल्या संघटनेची ही हकिगत तिथल्या नॅशनल फिल्म बोर्डाने निर्माण केली होती. त्यानंतर ते मुंबईत परतले.

शहर तेव्हा उकळत होते. जुलै 1981 मध्ये, ऐन पावसाळ्यात, मुख्यमंत्री अंतुले यांच्या आदेशावरून पदपथांवरच्या झोपड्या उठवून माणसांना शहराबाहेर धाडण्याची मोहीम निघाली. त्याविरुद्ध पत्रकार ओल्गा टेलिस आणि इतर न्यायालयात गेले. 18 जानेवारी 1982 पासून डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली परळ, लालबाग, भायखळा, वरळीच्या गिरण्यांतले सुमारे अडीच लाख कामगार संपावर गेले. संप रीतसर मागे घेतलाच गेला नाही. हजारोंची नोकरी गेली. त्यांतले कित्येक गावी परतले, कित्येक शहराच्या कडेला झोपड्यांत लोटले गेले.

‘हमारा शहर’ (1985) हा सुमारे सव्वा तासाचा चित्रपट या काळातला. यात निवेदकाचा आवाज नाही. पालिकेचे पथक येते, बांबू आणि पत्रे उपसले जातात, माणसे ओल्या सामानाशेजारी बसून राहतात. दुसरीकडे सुखवस्तू वस्तीतले लोक शहर बकाल होत चालल्याची खंत नीटनेटक्या इंग्रजीत बोलून दाखवतात. ज्या इमारतींत हे बोलणे चालते त्या बांधणारे हात याच झोपड्यांतले आहेत, हे कुणी सांगत नाही. एका दृश्यानंतर दुसरे आले की ते कळते. निवेदन काढून टाकले की संकलकाची जबाबदारी दुप्पट होते. मग दोन दृश्यांमधला सांधाच वाक्य होतो, आणि तो चुकला तर चित्रपट मुका होतो.

या चित्रपटातला एक प्रसंग माहितीपटाच्या अभ्यासात आजही शिकवला जातो. झोपडी पडलेली एक बाई कॅमेऱ्यावरच उखडते. तुम्ही गरिबांचे फोटो काढून नाव कमावणार, आमच्या पदरात काय पडणार, असा तिचा सवाल असतो. कोणताही सावध संकलक हा तुकडा टोपलीत टाकेल. पटवर्धनांनी तो ठेवला. बेझान्सोंच्या कामगारांचा आक्षेप चित्रपट संपल्यानंतरच्या चर्चेत आला होता. मुंबईतल्या या बाईचा आक्षेप चित्रपटाच्या पोटातच आहे, त्यामुळे पुढचे प्रत्येक दृश्य प्रेक्षक त्या सवालासह पाहतो. त्या सवालाला चित्रपटाकडे पुरते उत्तर नाही, आणि ते आहे असा आव तो आणत नाही. चित्रपटाला सर्वोत्कृष्ट माहितीपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. जुलै 1985 मध्ये ओल्गा टेलिस खटल्याचा निकाल लागला. उपजीविका हा जगण्याच्या हक्काचा भाग आहे असे सर्वोच्च न्यायालयाने म्हटले, पण पदपथावर राहण्याचा हक्क मान्य केला नाही. पाडापाडी चालूच राहिली.

त्या काळची संकलनाची खोली आजच्या वाचकाला ओळखता येणार नाही. परळचे राजकमल, दादरचे रणजित, महालक्ष्मीचे फेमस अशा स्टुडिओंच्या आसपास अशा खोल्या असत. 16 मिलिमीटरच्या फिल्मच्या एका फुटात 40 चौकटी, एका सेकंदाला 24 चौकटी. 400 फुटांचा डबा अकरा मिनिटांत संपतो. चित्र एका फितीवर आणि आवाज वेगळ्या चुंबकीय फितीवर असतो, टाळीच्या खुणेवर दोन्ही जुळवून घ्यावे लागतात. स्टीनबेकच्या सपाट टेबलावर दोन्ही फिती शेजारी फिरतात, संकलक मेणाच्या पेन्सिलीने चौकटीवर खूण करतो, स्प्लायसरमध्ये कापतो, पारदर्शक पट्टीने चिकटवतो. उरलेले तुकडे कापडी टोपलीवरच्या खिळ्यांना लटकतात. एखादा निर्णय फिरवायचा तर नेमका तुकडा शोधून पुन्हा जोडायचा. या कटकटीचा एक फायदा होता. कापण्याआधी माणूस पुष्कळ वेळा पाहत असे.

हमारा शहरमध्ये विलास घोगरे नावाचे शाहीर गाताना दिसतात. चित्रपटात त्यांचे काम थोडे आहे. पटवर्धनांच्या पुढच्या आयुष्यात मात्र या थोड्या फुटांनी फार मोठी जागा घेतली.

पंजाबातल्या दहशतवादाच्या काळात भगतसिंगाचा वारसा शोधणाऱ्या ‘उना मित्राँ दी याद प्यारी’ (1990) नंतर ‘राम के नाम’ (1992) आला. 1990 च्या रथयात्रेपासून 30 ऑक्टोबरच्या अयोध्येतल्या कारसेवेपर्यंतचा हा प्रवास बाबरी मशीद पडण्याआधीच पुरा झाला होता. 1949 च्या डिसेंबरात मशिदीत रामाची मूर्ती कशी ‘प्रकटली’ हे सांगणारी एक प्रचाराची व्हिडिओ कॅसेट तेव्हा घरोघरी फिरत होती. चित्रपटात त्या कॅसेटमधला चमत्कार दिसतो, आणि त्या रात्री मूर्ती आत नेण्यात आपला हात होता असे सांगणारा एक महंतही दिसतो. कॅसेट खोटी आहे असे कुणी म्हणत नाही, म्हणण्याची गरजही उरत नाही. राम कोणत्या साली जन्मला, या साध्या प्रश्नावर तावातावाने बोलणारा तरुण अडखळतो. वादग्रस्त जागेतले न्यायालयनियुक्त पुजारी लालदास यांना चित्रपट बराच वेळ बोलू देतो. मंदिराचा गजर करणाऱ्यांना पूजेत रस नसून मतांत आणि पैशांत आहे, असे ते शांतपणे सांगतात. नोव्हेंबर 1993 मध्ये त्यांची गोळ्या घालून हत्या झाली. हे माहीत असलेल्या प्रेक्षकाला तो शांत आवाज वेगळाच ऐकू येतो.

‘पिता, पुत्र और धर्मयुद्ध’ (1995) रूपकुंवरची सती, मुंबईची 1992–93 ची दंगल आणि बाजारातली मर्दानगीची औषधे यांना एका धाग्यात ओवतो. पौरुषाची भीती हेच हिंसेचे मूळ, असा त्याचा मुद्दा आहे. मुद्दा बिनतोड असला तरी दोन तासांच्या या चित्रपटात सामान फार भरले आहे आणि काही सांधे ओढूनताणून आणलेले वाटतात. सिमंतिनी धुरू यांच्यासोबतची ‘नर्मदा डायरी’ (1995) त्यामानाने सडसडीत आहे. 1996 चा ‘ऑक्युपेशन : मिलवर्कर’ हा जेमतेम वीस-बावीस मिनिटांचा चित्रपट भायखळ्याच्या न्यू ग्रेट ईस्टर्न मिलवर आहे. चार वर्षांच्या टाळेबंदीनंतर कामगार गिरणीत शिरून तिचा ताबा घेतात, एवढीच त्याची गोष्ट. गिरण्यांच्या जमिनींवर मॉल आणि मनोरे उभे राहायला तेव्हा नुकती सुरुवात झाली होती. आज लोअर परळच्या काचेच्या इमारतींतून फिरताना हा चित्रपट आठवणे त्रासाचे ठरते.

यांपैकी बऱ्याच चित्रपटांची वाट एकसारखीच होती. राष्ट्रीय पुरस्कार मिळायचा, दूरदर्शन दाखवायला नकार द्यायचे, पटवर्धन न्यायालयात जायचे. राम के नाम न्यायालयाच्या आदेशाने दूरदर्शनवर आला. पिता, पुत्र और धर्मयुद्धसाठी सर्वोच्च न्यायालयापर्यंत जावे लागले आणि निकाल लागायला ऑगस्ट 2006 उजाडला. पोखरणच्या 1998 च्या अणुचाचण्यांनंतर भारत, पाकिस्तान, जपान आणि अमेरिका फिरून केलेल्या ‘जंग और अमन’ (2002) मध्ये तर सेन्सॉर मंडळाने 21 काटछाटी सुचवल्या. राजकीय नेत्यांची दृश्ये आणि भाषणे, पंतप्रधानांसकट, काढून टाका, ही त्यांतलीच एक. अणुबाँबविषयीच्या चित्रपटातून बाँबचे समर्थन करणारे नेतेच वगळायचे, ही सूचना लिहिणाऱ्याच्या विनोदबुद्धीला दाद द्यायला हवी. पटवर्धनांनी एकही काट मान्य केली नाही आणि 2003 साली मुंबई उच्च न्यायालयाने चित्रपट जसाच्या तसा दाखवण्याची मुभा दिली. त्याच सुमारास मुंबई आंतरराष्ट्रीय महोत्सवाने भारतीय माहितीपटांना सेन्सॉर प्रमाणपत्राची अट घातल्यावरून वाद पेटला. माहितीपटकारांनी प्रभादेवीच्या भूपेश गुप्ता भवनात ‘विकल्प’ नावाचा समांतर महोत्सव भरवला. पटवर्धन त्यात पुढे होते.

दरम्यान एक चित्रपट चौदा वर्षे शिजत होता. 11 जुलै 1997 रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातल्याचे दिसले. लोक महामार्गावर आले आणि राज्य राखीव पोलीस दलाने गोळीबार केला. दहा माणसे मेली. चार दिवसांनी मुलुंडच्या आपल्या झोपडीत विलास घोगरे यांनी गळफास घेतला. आयुष्य डाव्या सांस्कृतिक चळवळीत घालवलेल्या या शाहिराने जाताना डोक्याला निळी पट्टी बांधली होती. त्या पट्टीचा अर्थ काय, या प्रश्नातून ‘जय भीम कॉम्रेड’ (2011) उभा राहिला.

चित्रपट साधारण तीन तासांचा आहे. गॅसचे टँकर पेटवले जात होते म्हणून गोळ्या झाडाव्या लागल्या, हा पोलिसांचा बचाव. चित्रपट त्याच्याशेजारी जागेवरचे अंतर आणि प्रत्यक्ष पाहणाऱ्यांचे म्हणणे ठेवतो. 6 डिसेंबरला चैत्यभूमीकडे निघालेली लाखोंची रांग आणि शिवाजी पार्क परिसरातल्या सुशिक्षितांची त्या गर्दीविषयीची कुरकूर एकमेकांना लागून येते. दादरकरांना हे दृश्य पाहताना घरचेच आवाज ऐकू येतात. पण चित्रपटाला खरी लय दिली आहे ती गाण्यांनी. वस्त्यांमधले जलसे, भीमगीते, पुढे पुण्याच्या कबीर कला मंचाच्या शीतल साठे आणि त्यांचे साथीदार. ही गाणी दोन प्रसंगांमधली विश्रांती म्हणून घातलेली नाहीत. संकलकाने ती पुष्कळदा पुरी होऊ दिली आहेत, कारण युक्तिवाद तीच पुढे नेतात. चित्रण चालू असतानाच मंचाच्या कलावंतांवर नक्षलवादी असल्याचा ठपका आला आणि ते भूमिगत झाले. राज्य पुरस्काराची रक्कम पटवर्धनांनी त्यांच्या बचाव समितीला दिली. जानेवारी 2012 मध्ये चित्रपटाचा पहिला जाहीर खेळ भायखळ्याच्या बीआयटी चाळीत, उघड्यावर झाला.

नरेंद्र दाभोलकर, गोविंद पानसरे, एम. एम. कलबुर्गी आणि गौरी लंकेश यांच्या हत्यांचा माग काढणारा ‘विवेक’ (2018) चार तासांच्या घरात जातो. ॲम्स्टरडॅमच्या माहितीपट महोत्सवात त्याला सर्वोत्कृष्ट दीर्घ माहितीपटाचा पुरस्कार मिळाला. केरळच्या महोत्सवात तो दाखवायला केंद्राने परवानगी नाकारली, तेव्हा 2019 मध्ये तिथल्या उच्च न्यायालयाने ती दिली. इथे व्हिडिओ आणि संगणकाने संकलकाचे हात मोकळे केल्याचा परिणाम स्पष्ट दिसतो. फिल्म महाग होती तेव्हा जे गाळावेच लागे, ते आता राहू शकते. विवेक प्रकरणांत विभागलेला आहे आणि तुकड्यातुकड्यांनी पाहिला तर जास्त पोचतो. पटवर्धनांवर एकांगीपणाचा जुना आरोप याही वेळी झाला. विरोधकांना ते भरपूर बोलू देतात हे खरे, पण त्या बोलण्यानंतर काय यायचे हे तेच ठरवतात, हेही तितकेच खरे. तटस्थतेचा दावा त्यांनी स्वतः कधी केलेला नाही.

2023 सालचा ‘वसुधैव कुटुंबकम्’ घरातल्या चित्रणातून तयार झाला. म्हातारे होत चाललेले आईवडील आणि काकांच्या आठवणी यांचे हे चित्रण वर्षानुवर्षे, चित्रपटाचा विचार मनात नसताना जमत गेले होते. आईवडील गेल्यानंतर पटवर्धनांनी ते संकलित केले आणि त्याच वर्षी टोरांटोच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवात चित्रपट दाखवला गेला. दीड तासाच्या या चित्रपटात मोर्चे जवळजवळ नाहीत. चहाच्या टेबलावरची थट्टा आहे, आणि तिच्या ओघात गांधी, फाळणी, तुरुंग, भूमिगत चळवळ अशी नावे निघत राहतात.